आदेशाच्या तळाशी अपिलाच्या दोन ओळी हव्यात

मा. संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

आपल्या वृत्तपत्राच्या जिल्हा पानांवर 'आदेशाला खंडपीठात आव्हान' अशा मथळ्याच्या बातम्या वरचेवर वाचायला मिळतात. फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावरील नोंदीतील बदल, रद्द झाला, शेतरस्ता खुला करण्याचा आदेश निघाला, वाळूच्या ट्रॅक्टरला दंड झाला, की जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांतील माणसाच्या मनात पहिला विचार छत्रपती संभाजीनगरला, मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठात, जाण्याचा येतो. याचिका दाखल झाल्याची बातमी होते. मात्र काही महिन्यांनी 'कायद्यात अपिलाची सोय असताना थेट येथे का आलात' असा प्रश्न न्यायालयाने विचारला आणि याचिका मागे घ्यावी लागली, याची बातमी होत नाही. ती होत नसल्यामुळे पुढचा माणूस पुन्हा त्याच वाटेने जातो. या विषयावर थोडे सविस्तर लिहीत आहे. जागा जास्त लागली तरी कृपया पत्र छापावे.

मी महसूल खात्यात ३२ वर्षे नोकरी करून अव्वल कारकून या पदावरून निवृत्त झालो. आता गावी शेती पाहतो. गावातील आणि आसपासच्या शिवारातील लोक नोटिसा व आदेश घेऊन माझ्याकडे येतात आणि ओट्यावर बसून विचारतात, "आप्पा, आते काय करानं?" मी वकील नाही. तरीही आदेश कसा तयार होतो, तो कोणाच्या सहीने निघतो आणि त्याविरुद्ध कोणाकडे जायचे असते, हे मला कामातून ठाऊक आहे. म्हणून येणाऱ्याला मी आधी एवढेच विचारतो की, आदेशाची नक्कल हातात कोणत्या तारखेला पडली?

काही वर्षांपूर्वी आमच्याच शिवारातील एका शेतकऱ्याच्या बाबतीत जे घडले ते सांगतो. मी त्यांना नाना म्हणतो. त्यांच्या तीन एकर केळीच्या जमिनीवर पुतण्याने जुन्या वाटणीपत्राच्या आधारे फेरफार टाकला. नानांनी हरकत घेतली. मंडळ अधिकाऱ्यांनी ती फेटाळून नोंद प्रमाणित केली. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २४७ प्रमाणे या निर्णयाविरुद्ध प्रांतांकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, अपील होते आणि कलम २५० प्रमाणे त्यासाठी ६० दिवस मिळतात. नानांच्या हातात नक्कल पडून वीस दिवसही झाले नव्हते. परंतु तालुक्याच्या गावी कोणीतरी त्यांना सांगितले की प्रांत आणि तहसील एकाच माळेचे मणी आहेत, तेव्हा थेट खंडपीठात जा. नाना गेले. याचिका सुनावणीला यायला सात महिने लागले. पहिल्याच सुनावणीत पर्यायी उपायाचा, म्हणजे कायद्यातच अपिलाची सोय असल्याचा, प्रश्न निघाला आणि प्रांतांकडे जाण्याची मुभा ठेवून याचिका मागे घेण्यात आली.

तोपर्यंत साठ दिवस केव्हाच उलटून गेले होते. प्रांतांकडे अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज द्यावा लागला. समोरच्या वकिलांनी त्यालाच जोरदार हरकत घेतली आणि विलंब माफ करावा की नाही, एवढ्यावरच चौदा महिने तारखा पडत राहिल्या. शेवटी विलंब माफ झाला. चुकीच्या ठिकाणी पण प्रामाणिकपणे दाद मागण्यात गेलेला काळ वजा धरण्याचे तत्त्व मुदत कायद्याच्या कलम १४ मध्ये आहे, आणि संहितेच्या कलम २५१ प्रमाणे पुरेसे कारण असल्यास मुदतीनंतरही अपील दाखल करून घेता येते. कायदा नानांच्या विरुद्ध गेला नाही. त्यांचे दिवस गेले. सातबाऱ्यावर त्यांचे नाव नसल्यामुळे त्या तीन एकरांवर विकास सोसायटीतून सलग दोन हंगाम पीक कर्ज मिळाले नाही आणि केळीचा फळपीक विमाही भरता आला नाही. पुढे प्रांतांनी मूळ वाटणीपत्र मागवले, त्यावरील सह्यांबद्दल शंका घेतली आणि प्रकरण फेरचौकशीसाठी परत पाठवले. ती फेरचौकशी अजून संपलेली नाही.

मूळ वाटणीपत्र मागवून सह्या पाहण्याचे हे काम खंडपीठात झाले नसते. पर्यायी उपायाचा नियम म्हणजे गरिबाला दारातून परत पाठवण्याची युक्ती आहे, असा समज लोकांत आहे आणि तो दूर व्हायला हवा. रिट याचिकेत, म्हणजे सरकारी आदेशाला थेट उच्च न्यायालयात आव्हान देणाऱ्या याचिकेत, न्यायालय साधारणपणे कागदावर असलेल्या गोष्टींवरून आदेश कायदेशीर आहे की नाही ते पाहते. बांध कोठे होता, जमीन कोण कसत होते, पंचनामा जागेवर झाला की तलाठी कार्यालयात बसून लिहिला गेला, वाटणीपत्रावरील सही आईची आहे की नाही, अशा वादातील साक्षीपुराव्यात ते सहसा शिरत नाही. प्रांतांना मूळ दप्तर मागवता येते, स्थळपाहणी करता येते, भूमी अभिलेखाकडून मोजणीचा नकाशा घेता येतो, आणि खालच्या अधिकाऱ्याने पाहायचा राहून गेलेला कागद तेथे दाखल करता येतो. खाली जो कागद दाखल झालाच नाही, त्याच्या आधारे वर भांडणे फार अवघड जाते. अपिलाची पायरी ओलांडून पुढे जाणारा माणूस स्वतःचा पुरावा मागेच ठेवून जातो.

याची घटनात्मक बाजूही वाचकांना ठाऊक असावी. उच्च न्यायालयाला रिटचा अधिकार देणाऱ्या अनुच्छेद २२६ मध्ये पर्यायी उपाय असल्यास याचिका घेऊ नये, असे आज कोठेही लिहिलेले नाही. आणीबाणीच्या काळात, १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने तसा मजकूर त्यात घातला गेला होता. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने तो काढून टाकला. म्हणजे न्यायालयाचा अधिकार शाबूत आहे आणि तो केव्हा वापरायचा याचे बंधन न्यायालयाने स्वतःच स्वतःला घालून घेतले आहे. मोहम्मद नूह प्रकरणात, १९५७ साली, सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की हा नियम धोरणाचा, सोयीचा आणि विवेकाचा आहे. १९६४ च्या थानसिंग नथमल प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या पीठाने म्हटले की कायद्याने दाद मागण्याची एक यंत्रणा उभी केलेली असताना रिटच्या मार्गाने तिला वळसा घालू देणे उच्च न्यायालयाने साधारणपणे टाळावे. अलीकडे, २०२३ च्या गोदरेज सारा ली प्रकरणात, याचिका चालण्याजोगी असणे आणि न्यायालयाने ती ऐकण्यास घेणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हा फरक पुन्हा स्पष्ट करण्यात आला. आपली याचिका 'नियमात बसते' असे वकिलांनी सांगितले म्हणून ती ऐकली जाईलच असे गृहीत धरता येत नाही, असा त्याचा अर्थ पक्षकाराने घ्यावा.

अपवादही आहेत. १९९८ च्या व्हर्लपूल प्रकरणात ते एकत्र मांडले गेले: मूलभूत हक्काचा प्रश्न असेल, म्हणणे मांडण्याची संधी न देता आदेश झाला असेल, आदेश देणाऱ्याला तो अधिकारच नसेल, किंवा मूळ कायद्याच्या वैधतेलाच आव्हान असेल, तर पर्यायी उपाय असूनही उच्च न्यायालय दखल घेऊ शकते. आपल्याकडे सर्वांत जास्त घेतला जाणारा मुद्दा दुसरा, म्हणजे नोटीस न मिळाल्याचा. तो खरा असेल तेथे अवश्य घ्यावा. परंतु 'मला नोटीस नव्हती' असे याचिकेत लिहायचे आणि दप्तरात मात्र नोटिसीच्या पोचेवर घरच्या माणसाची सही किंवा अंगठा असायचा, अशी प्रकरणे मी स्वतः हाताळली आहेत. तेथे मुद्दाही जातो आणि न्यायालयाचा विश्वासही जातो. याचिका करण्याआधी रोजनामा (प्रकरणातील तारीखवार कामकाजाची नोंद) आणि नोटिसीची पोच यांच्या नकला घ्याव्यात. त्यासाठी नकलेचा साधा अर्ज पुरतो.

काही ठिकाणी कायद्यानेच पुढचे अपील ठेवलेले नाही आणि खानदेशात असे एक क्षेत्र फार मोठे आहे. जातीचे प्रमाणपत्र देण्यास सक्षम प्राधिकाऱ्याने नकार दिला तर २००१ च्या महाराष्ट्र अधिनियम क्रमांक २३ प्रमाणे ३० दिवसांत अपील होते. मात्र जात पडताळणी समितीने दावा अवैध ठरवला, तर त्याच अधिनियमाच्या कलम ७ प्रमाणे तो निर्णय अंतिम असतो आणि त्याविरुद्ध अनुच्छेद २२६ खाली फक्त उच्च न्यायालयातच जाता येते. टोकरे कोळी, ठाकूर अशा जमातींच्या दाव्यांत मुलामुलींचे प्रवेश आणि नोकऱ्या अडकलेल्या असतात. अशा कुटुंबांनी समितीच्या निर्णयानंतर मंत्रालयात किंवा जिल्हाधिकाऱ्यांकडे निवेदने देत बसू नये. त्यांच्यासाठी सरळ वाट खंडपीठाचीच आहे. प्रमाणपत्र नाकारले गेल्यावर अपील आणि पडताळणीत अवैध ठरल्यावर याचिका, हा एवढा फरक न कळल्यामुळे पालकांना उलट्या दिशेने पळताना मी पाहिले आहे.

निवेदनांचा विषय निघालाच आहे, तर त्याबद्दल स्पष्ट लिहितो. आदेश विरुद्ध गेला की लोक पालकमंत्र्यांना निवेदन देतात, तहसीलसमोर उपोषणाला बसतात, त्याच तहसीलदारांकडे फेरविचाराचा अर्ज देतात, महिन्याच्या पहिल्या सोमवारी जिल्हा लोकशाही दिनात जातात. लोकशाही दिनात अपिलाच्या स्वरूपाची प्रकरणे स्वीकारलीच जात नाहीत. उपोषण सोडवताना मिळालेल्या लेखी आश्वासनाने आदेश रद्द होत नाही. आणि यांपैकी कशानेही अपिलाचे दिवस थांबत नाहीत. एका गृहस्थांनी माझ्यासमोर निवेदनांच्या पोचांची जाडजूड फाइल ठेवली होती, प्रत्येकीवर आवक-जावकचा शिक्का होता, आणि अपील एकही नव्हते. त्या माणसाची मेहनत पाहून मला फार वाईट वाटले, कारण त्यातल्या एका दिवसात त्यांचे अपील दाखल झाले असते.

दिवसांचा हिशेबही प्रत्येक कायद्यात निराळा आहे आणि साधा माणूस तेथेच फसतो. महसुली आदेश जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याचा असेल तर ६० दिवस, इतर बाबतीत ९० दिवस, आणि त्यातून नक्कल मिळवण्यास लागलेला वेळ वजा. पोलीस अधिनियमाच्या कलम ५६ खाली तडीपारीचा आदेश निघाला तर शासनाकडे ३० दिवसांत. बांधकामाची परवानगी नाकारली गेली तर प्रादेशिक व नगररचना अधिनियमाच्या कलम ४७ प्रमाणे ४० दिवसांत. २०१३ च्या कायद्याखालील भूसंपादनात मोबदला कमी वाटला, तर निवाड्याच्या वेळी हजर असलेल्याला वाढीव मोबदल्यासाठी संदर्भ अर्ज देण्यास फक्त सहा आठवडे मिळतात, आणि रक्कम उचलताना आपला निषेध नोंदवला नसेल तर तो अर्ज करण्याचा हक्कच उरत नाही. प्रकल्पांसाठी तापीकाठच्या व पांझराकाठच्या कितीतरी गावांच्या जमिनी गेल्या; तेथील शेतकऱ्यांनी हे वाक्य घरातील सर्वांना वाचून दाखवावे.

शेतरस्त्याची गोष्ट आणखी वेगळी आहे. संहितेच्या कलम १४३ खाली तहसीलदारांनी रस्ता दिला किंवा नाकारला, तर अपील करता येते, किंवा एक वर्षाच्या आत दिवाणी दावा करता येतो. पण दावा दाखल झाला की अपील आणि फेरतपासणी (वरिष्ठाने आदेश पुन्हा तपासणे) या दोन्ही वाटा बंद होतात. पेरणीच्या तोंडावर रस्त्याचा वाद पेटलेला असताना घाईघाईने दावा टाकणाऱ्यांना हे आधी सांगणारे कोणी नसते.

येथवर मी नागरिकांच्या चुकांबद्दल लिहिले. आता शासनाच्या बाजूबद्दल लिहिले नाही तर ते अप्रामाणिकपणाचे होईल, कारण 'आधी अपील करा' असे सांगण्याचा हक्क त्यालाच आहे ज्याने अपील खरोखर चालू ठेवले आहे. अपिलात पहिली गरज स्थगितीची असते. रस्त्यावरचा बांध उद्या फुटणार असेल, अतिक्रमण म्हणून घर परवा पाडले जाणार असेल, तर सहा महिन्यांनी जिंकलेल्या अपिलाचा काय उपयोग? कलम २५६ ने अपील अधिकाऱ्याला स्थगिती देण्याचा अधिकार दिला आहे. एवढेच नव्हे, ज्याने आदेश दिला तो अधिकारीसुद्धा अपिलाची मुदत संपण्यापूर्वी, अपील दाखल झालेले नसेल तर, स्वतःच्या आदेशाची अंमलबजावणी काही काळ थांबवू शकतो. ही तरतूद वापरली गेल्याचे माझ्या संपूर्ण नोकरीत मी मोजक्याच वेळा पाहिले. बहुतेक ठिकाणी स्थगितीचा अर्ज 'म्हणणे मागवा' एवढ्या शेऱ्यावर पडून राहतो, साहेब निवडणुकीच्या कामात किंवा दौऱ्यावर असतात, पद रिक्त असेल तर अतिरिक्त कार्यभार असलेले अधिकारी महसुली अपिले हातात घेत नाहीत, आणि तोवर खालच्या कार्यालयाने आदेशाची अंमलबजावणी करून टाकलेली असते. हा अनुभव एकदा आलेला माणूस पुढच्या वेळी थेट खंडपीठात धावला तर त्याला दोष कसा द्यायचा?

अशा वेळी मी लोकांना सुचवतो की अपील दाखल करा, त्याच दिवशी स्थगितीचा स्वतंत्र अर्ज द्या, दोन्हींची पोच घ्या, आणि स्थगितीवर निर्णयच होत नसेल तर त्या पोचा घेऊन खंडपीठात जा. तेथे आदेश रद्द करून मागण्याऐवजी अपील किंवा स्थगितीचा अर्ज ठरावीक मुदतीत निकाली काढावा आणि तोपर्यंत अंमलबजावणी थांबावी, एवढेच मागावे. अशी मर्यादित मागणी न्यायालये बहुधा समजून घेतात, कारण त्यात अपिलाच्या पायरीचा मान राखला जातो.

अंतराचाही प्रश्न आहे. प्रांत कार्यालय जवळ असते, जिल्हाधिकारी कार्यालयही गाठता येते. परंतु जिल्ह्यातील अपिलानंतर फेरतपासणीसाठी नाशिकला विभागीय आयुक्तालयात जावे लागते. रावेर-मुक्ताईनगरच्या शेतकऱ्याला नाशिक हे छत्रपती संभाजीनगरपेक्षा लांब पडते. अक्कलकुवा आणि धडगावच्या डोंगरातील माणसाला तर दोन्ही ठिकाणी तारखेच्या आदल्या दिवशीच निघावे लागते. आयुक्तालयाने महिन्यातून एकदा जळगाव, धुळे आणि नंदुरबार येथे येऊन महसुली प्रकरणांची सुनावणी घेतली, तर पर्यायी उपाय हा शब्द आमच्या भागात खरा वाटू लागेल.

धडगावचा उल्लेख आला म्हणून वनहक्काबद्दल. २००६ च्या वनहक्क कायद्यात ग्रामसभेच्या ठरावाविरुद्ध उपविभागीय समितीकडे आणि तिच्या निर्णयाविरुद्ध जिल्हा समितीकडे जाण्यास प्रत्येकी ६० दिवस आहेत. २०१२ मध्ये सुधारलेल्या नियमांप्रमाणे दावा फेटाळला तर कारणांसह ते दावेदाराला प्रत्यक्ष कळवावे लागते, ते याचसाठी की त्याला पुढे दाद मागता यावी. मूळ कायद्यात जिल्हा समितीचा निर्णय अंतिम होता. २०२० मध्ये राज्यपालांच्या अधिसूचनेने अनुसूचित क्षेत्रांपुरती विभागीय स्तरावरील समितीकडे अपिलाची आणखी एक पायरी तयार झाली. पायऱ्या वाढल्या हे चांगलेच झाले. परंतु सातपुड्यातील ज्या आजोबांच्या हातात दावा फेटाळल्याचा कागदच पडलेला नाही, त्यांचे ६० दिवस कोणत्या तारखेपासून मोजायचे? आदेश हातात न देता अपील केले नाही म्हणून त्यांना दोष देणे हा अन्याय आहे आणि तो तशाच शब्दांत म्हटला पाहिजे.

आता माझ्या स्वतःच्या चुकीबद्दल. वादग्रस्त फेरफारांचे निर्णय संहितेच्या कलम १५० प्रमाणे अव्वल कारकुनाच्या खालच्या दर्जाचा नसलेला अधिकारी देतो, त्यामुळे काही निर्णय माझ्या सहीने निघाले, आणि वरिष्ठांच्या सहीसाठी मी केलेले मसुदे तर शेकडो असतील. त्या प्रत्येकाच्या शेवटी 'संबंधितांना कळविण्यात यावे' हे वाक्य असे. संबंधितांनी पुढे कोठे जायचे, किती दिवसांत जायचे, हे मी एकाही आदेशात लिहिले नाही. कोणी तसे सांगितले नव्हते, जुन्या मसुद्यात तसे नव्हते, म्हणून मीही लिहिले नाही. नानांचा आदेश मी पाहिला तेव्हा त्याच्या तळाशी तेच वाक्य होते. त्याखाली 'प्रांतांकडे ६० दिवसांत अपील' एवढे शब्द असते, तर तालुक्याच्या गावी भेटलेल्या माणसाच्या सल्ल्यापेक्षा त्यांनी कागदावर विश्वास ठेवला असता, असे मला मनापासून वाटते.

असे लिहिणे अशक्य आहे असेही नाही, कारण काही कायद्यांनी ते बंधनकारकच केले आहे. माहिती अधिकार कायदा, २००५ च्या कलम ७(८) प्रमाणे माहिती नाकारताना कारणे, अपिलाची मुदत आणि अपील अधिकाऱ्याचा तपशील कळवावा लागतो. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ मध्येही अर्ज फेटाळताना अपिलाची मुदत आणि प्रथम अपील अधिकाऱ्याचे पदनाम लिहून कळवण्याची सक्ती आहे. उत्पन्नाचा दाखला नाकारला तर अपील कोठे करायचे ते शासन लिहून देते आणि तीन एकर जमिनीची नोंद फिरली तर देत नाही, ही विसंगती महसूल विभागाने एका परिपत्रकाने दूर करावी. त्याला कायद्यात बदल लागत नाही.

माझ्या मागणीला दुसऱ्या बाजूने उत्तर येईल ते मला ठाऊक आहे: कायदा सर्वांना माहीत असतो असे गृहीतच धरायचे असते. न्यायालयात ते गृहीत चालते. २०२० मध्ये ग्लॅक्सो कंपनीच्या करविषयक प्रकरणात, अपिलाची वाढवून मिळणारी कमाल मुदतही उलटून गेल्यावर केलेली याचिका उच्च न्यायालयाने ऐकायला नको, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. मोठ्या कंपनीकडे सल्लागार असतात आणि तिला हा नियम लावणे योग्यच आहे. परंतु तोच कडक नियम उद्या कोरडवाहू कापूस पिकवणाऱ्याला लागणार असेल, तर ज्या शासनाने आदेश दिला त्यानेच त्याला दाराचा पत्ता सांगायला हवा.

परिपत्रक निघेपर्यंत आमच्या भागातील प्रांत, तहसीलदार आणि मंडळ अधिकारी यांनी स्वतःहून एवढे करावे, अशी आपल्या वृत्तपत्रामार्फत विनंती आहे. कार्यालयात एक रबरी शिक्का करून घ्यावा आणि प्रत्येक आदेशाच्या नकलेवर सहीखाली उमटवावा. मजकूर असा चालेल: 'या आदेशाविरुद्ध ________ यांच्याकडे, हा आदेश मिळाल्यापासून ____ दिवसांत अपील करता येईल. अंमलबजावणीस स्थगिती हवी असल्यास अपिलासोबत स्वतंत्र अर्ज द्यावा.' दोन रिकाम्या जागा आदेश लिहिणाऱ्या कारकुनानेच भराव्यात. त्याला त्या पाठ असतात, मलाही होत्या.

आपला विश्वासू,
एक निवृत्त अव्वल कारकून,
जळगाव जिल्हा